दाराजवळची खाट

वॉर्डात शिरता शिरता बेलिफाचा गुडघा आपटला. पहिली खाट दाराला जवळजवळ चिकटूनच होती. गुडघा चोळत तो आत आला, मागून कारखानदार, कारखानदारामागे हमाल. खाली टेम्पो उभा होता. त्याचं भाडंसुद्धा मेव्हण्याकडून उसनं घेतलेलं.

सरकारी रुग्णालयाला या खाटा कारखानदारानंच पुरवल्या होत्या. माल मोजून घेतला, पोच मिळाली, पैसे तेवढे राहिले. आरोग्य खात्याचं म्हणणं, पाइप ठरल्यापेक्षा पातळ आहे. म्हणजे खाटा पैसे देण्याइतक्या चांगल्या नव्हत्या, आणि पेशंट झोपवू नये इतक्या वाईटही नव्हत्या. कराराच्या शेवटच्या पानावर एक कलम होतं: वाद झाला तर लवादापुढे जावं, आणि लवाद खात्यानं नेमावा. सही करताना कारखानदाराला ते कलम खाटेच्या पायाला बसवतात त्या रबरी टोपीसारखं वाटलं होतं. असलं काय, नसलं काय. लवाद म्हणून खात्याचाच एक निवृत्त साहेब आला. त्यानं तारखांवर तारखा दिल्या, अर्धी फी कारखानदाराकडून वेळच्या वेळी घेतली आणि सगळ्यांना चकित करत निवाडा मात्र कारखानदाराच्या बाजूनं दिला. खातं अपिलात गेलं, हरलं, आणि तरी देईना. तेव्हा कुठे कोर्टानं जप्तीचं वॉरंट काढलं.

बँकेचा मॅनेजर म्हणाला होता, आज जप्तीचा पंचनामा आणून दाखवा, नाहीतर संध्याकाळी कारखान्याला टाळं. कामगारांचे पगार केव्हाचे थकले होते. निम्मे सोडून गेले, उरलेले तोंड चुकवत होते. की तोच त्यांच्यापासून तोंड चुकवत होता, कोण जाणे. सकाळी निघताना बायकोनं एवढंच विचारलं होतं, आज काहीतरी घेऊनच याल ना.

वॉर्डात येण्याआधी ते रुग्णालयाच्या अधीक्षकाच्या खोलीत गेले होते, आणि अधीक्षक भलताच सभ्य निघाला. त्यानं कपाटं दाखवली, संगणक दाखवले, उठून स्वतःची खुर्चीही उलटी करून दाखवली. प्रत्येक वस्तूवर दुसऱ्याच कुठल्या तरी खात्याचा शिक्का. रुग्णालयाच्या मालकीच्या होत्या त्या फक्त खाटा. आणि प्रत्येक खाटेवर माणूस. वॉर्ड खच्चून भरलेला. पलीकडे खिडकीशी तेवढी एका खाटेपुरती जागा मोकळी दिसत होती.

“क्रमानं घ्या,” मागोमाग वॉर्डात आलेला अधीक्षक म्हणाला. “दारापासून सुरू करा. तुम्हालाच मोजायला सोपं.”

कारखानदारानं मन घट्ट केलं. पेशंटना गादीसकट खाली ठेवायचं, त्यात एवढं काय, असं त्यानं रात्रभर स्वतःला पटवलं होतं. कुणाच्या तोंडाकडे बघायचं नाही, हेही ठरवलं होतं. म्हणून तो पहिल्या खाटेच्या पायाकडे बघू लागला. वेल्डिंगचा सांधा ओळखीचा होता, माशाच्या खवल्यांसारखा एकसारखा. असा सांधा त्याच्या कारखान्यात एकच जण घालायचा.

नको नको म्हणताना त्यानं वर पाहिलं. खाटेवर तोच होता. ठिणगीमामा. गाल बसलेले, हाताला सलाईन. हा माणूस आजारी आहे हे कारखानदाराला आतून ठाऊक होतं. भेटायला जायचं म्हणजे पगाराचं विचारेल, म्हणून तो गेला नव्हता.

“थांबा शेठ, मी उतरतो,” ठिणगीमामा म्हणाला. “माझाही पगार यातच अडकलाय ना? मग माझीच आधी न्या.”

त्यानं सलाईनची बाटली काढून हातात धरली आणि एक पाय खाली सोडला. पाऊल हवेत फरशी शोधत राहिलं.

कारखानदारानं ते पाऊल दोन्ही हातांनी उचलून परत गादीवर ठेवलं. बेलिफानं त्याला बाजूला घेऊन समजावलं, की वॉरंट असंच परत गेलं तर नवा अर्ज, नवी तारीख, आणि कोर्टाची तारीख म्हणजे तुम्हाला सांगायला नको. कारखानदार म्हणाला, लिहा, अर्जदाराला आज जप्ती नको. सही करायला अधीक्षकानं तत्परतेनं पेन पुढे केलं. ते मात्र त्याच्या स्वतःच्या मालकीचं होतं.

हमाल निघून गेले. टेम्पो रिकामाच गेल्याचा आवाज वरपर्यंत आला. कारखानदार त्याच खाटेच्या कडेला बसून राहिला. संध्याकाळ व्हायला अजून अवकाश होता, आणि त्याला कुठेच जायचं नव्हतं. काहीतरी बोलायला हवं म्हणून त्यानं विचारलं, इथे दाराशी गार वारा लागत नाही का.

“कालपर्यंत तिकडे खिडकीशीच होतो की,” ठिणगीमामा म्हणाला. “आज सकाळी अधीक्षकसाहेब स्वतः आले. कुठे कामाला होतात, मालक कोण, सगळं आपुलकीनं विचारलं. मग उभं राहून मला खाटेसकट इकडे आणवलं. देवमाणूस आहे, शेठ.”