उजवा खांदा

रावजी नारळ घेऊन देवळाच्या पायरीशी पोचला, तेव्हा खाली वाडीत तिरडी बांधून तयार होती. रघू गुरवाने त्याला तिथेच थांबवलं.

“तात्या, वर येऊ नका. तुमाला सुतक हाय.”

सुतक होतंच. पहाटे आत्माराम गेला, आणि आत्माराम म्हणजे रावजीचा पाठचा सख्खा भाऊ. पण अकरा वर्षांमागे बांधावरच्या एका फणसापायी दोघांचं फाटलं, तेव्हा याच पायरीवर रावजीनं चारचौघांत गाऱ्हाणं घातलं होतं. हा आजपासून माझा भाऊ नाही, आणि याच्या मढ्याला खांदा दिला तर माझा उजवा खांदा गळून पडो. उजवाच का, हे देवानंही विचारलं नाही. फणस पुढच्याच वादळात आडवा झाला. शब्द तेवढा उभा राहिला.

आज तो शब्द मागे घ्यायला नारळ ठेवायचा होता. वाडीतले धडधाकट पुरुष सगळे मुंबईला. आत्मारामचा मुलगा दीपक मडकं घेऊन पुढं चालणार. खांद्याला माणसं उरली तीन.

रावजी हट्टाला पेटला. तो माझा भाऊ नाही असं देवाला कधीच सांगून झालंय, मग मला सुतक कसलं, म्हणाला.

रघूनं थोडा विचार केला.

“मंग खांदा कशाला देताय?”

 गेल्या गणपतीत आत्माराम आरतीला त्याच्या दारापर्यंत आला होता, आणि रावजीनं टाळ वाजवता वाजवता पाठ फिरवली होती. माझं चुकलं, फार चुकलं, असं त्याला आता वाटत होतं. पण हे ज्याला सांगायचं तो खाली निजला होता.

नारळ पायरीवरच ठेवून तो वाडीत उतरला आणि तिरडीखाली शिरला.

अर्ध्या वाटेवर विसाव्याला तिरडी टेकवली. रावजी चौघांत उंच, त्यामुळे सगळा भार त्याच्याकडेच येत होता. सदरा खांद्यावर घामानं चिकटला होता. दीपकनं मागं वळून बघितलं.

“काका, तो खांदा दुखत असंल. बाजू बदला.”

रावजी पुन्हा त्याच बाजूला जाऊन वाकला.

“नको. ह्याच खांद्याचं नाव घेतलंय देवापुढं. गळायचा तर गळू दे.”