कल्याणची तारीख

धरणात बुडालेल्या पाड्यावरचं तीन अंकी नाटक डोळखांबच्या शिक्षिका प्रेमाबाईंनी पावसाळाभर बसवलं होतं. ढोलकीवाला कारखान्यात लागला, मग नायकाने लग्न ठरल्यावर पाठ फिरवली. दोघांच्या जागी माणसं मिळाली. आज मात्र आईचं काम करणारी बुधीच वीटभट्टीला जाणाऱ्या ट्रकमध्ये बसलेली दिसली. “बुधी, रविवारी कल्याणला प्रयोग आहे गो!” “शेठ थांबायचा नाय, बाई. मी तरी काय करू?” प्रेमाबाईंना वाद घालायचंही त्राण उरलं नव्हतं. त्या रस्त्याकडेला बसल्या. दुसरी बुधी शोधणं जमणार नव्हतं. कल्याणच्या नाट्यगृहाची मुश्किलीने मिळालेली तारीख त्यांनी फोन करून सोडली. मग ट्रकपाशी गेल्या. “भट्टीला सुट्टी कधी असते?” “बाजाराच्या दिवशी.” “तेव्हा आम्ही सगळे तिथंच येतो. नाटक करू.” बुधी हसली. “बघायला कोण येणार, बाई?” प्रेमाबाईंनी बुधीच्या मागे दाटीवाटीने बसलेल्या सगळ्या पाड्याकडे बघितलं.