अर्धवट पाहिलेली मालिका

यवतहून मेव्हण्याचा फोन आला. "दाजी, तुमचा तो स्वस्तातला टीव्ही कसा हाय? आईसाठी घ्यावा म्हणतोय."

"चित्र झकास हाय, पर आवाज लई बारीक येतो," मी म्हणालो. "गुरुवारी नीट बघतो आन् सांगतो."

कारेगावच्या एका खोलीत मी आणि बिरदेव राहतो. त्याची कायम दिवसपाळी, माझी रात्रपाळी. आमची भेट दारातच, चावी हातात देण्यापुरती. गुरुवारी मात्र कंपनीला सुट्टी असते.

त्या दुपारी जेवणं झाल्यावर टीव्ही लावला. अर्धवट पाहिलेल्या कार्यक्रमांच्या यादीत सगळ्यात पुढे तीच सासूसुनांची मालिका होती. रोज एक भाग पुढे सरकलेला असायचा.

"लई नाद लागलाय की तुला हिचा," मी हसून म्हणालो.

बिरदेव माझ्याकडे बघत राहिला. "मला? मला वाटलं तुम्हीच बघताय. म्हणून कधी काढली न्हाई."

मी मालिका लावली. ती बंद करावी असं दोघांनाही वाटत होतं, पण कुणीच हात पुढे केला नाही. तीन भाग आम्ही पाहिले. मग चित्र थांबलं आणि पडद्यावर अक्षरं आली : 'तुम्ही अजून पाहताय का?'

रिमोट आमच्या दोघांच्या मध्ये चटईवर पडलेला होता. पडद्यावरची खूण 'नाही'वर होती.

ती हळूच 'हो'वर सरकली. मालिका सुरू झाली, आणि आवाज दोन आकड्यांनी वाढला.