चाळीस सेकंदांचा वेटर

"अजून एकदा, मोरूकाका! फक्त एकदा!"

पेणच्या त्या सभागृहात मागच्या रांगेतली माणसं खुर्च्यांवर चढली होती. मोरूने सत्काराची शाल सावरली, हातात ट्रे असल्यासारखा तोल सांभाळला आणि म्हणाला, "साहेब, गरम हाय का ते आता तुमीच सांगा!"

लोक पोट धरून हसले.

दूरदर्शनवरच्या एका जुन्या विनोदी मालिकेत एक वेटर चाळीस सेकंद दिसतो. साहेब विचारतो, चहा गरम आहे ना? वेटर घाईत कप त्याच्या मांडीवर उपडा करतो आणि एवढंच बोलतो. नामावळीत त्याचं नाव नाही. गेल्या वर्षी तो तुकडा मोबाइलवर फिरू लागला, तेव्हा कोलाडच्या हॉटेलात कुणीतरी मोरूला विचारलं, "हा तूच ना रे?"

चेहरा हुबेहूब होता. कंपनीतून निवृत्त झाल्यापासून मोरूला कुणी काही विचारलंच नव्हतं. तोंडून "व्हय" निघून गेलं.

लग्नाआधी तो दोन वर्षं मुंबईत होता हे त्याच्या गावाला, सगळ्या रोह्याला ठाऊक. शंका कुणी घेतली नाही. मग शाळांतले सत्कार झाले, गणेशमंडळांतले झाले. बायको, शांती, दर कार्यक्रमाला ठेवणीतली साडी नेसून पहिल्या रांगेत बसायची. तिच्याकडे बघितलं की खरं सांगायचा धीर व्हायचा नाही. एका शब्दात तो असा अडकला होता.

कार्यक्रम संपल्यावर चाळिशीची एक बाई जवळ आली. रोहिणी नाव सांगितलं, डोंबिवलीहून आले म्हणाली.

"तो वेटर नक्की तुम्हीच?"

"म्हंजे काय!" शांतीच बोलली. "हेच ते!"

रोहिणीने पर्समधून फोटो काढला. तोच वेटर, मांडीवर तान्हं बाळ.

"हे बाळ म्हणजे मी. ते शूटिंग झालं आणि दुसऱ्या दिवशी वडील घरातून निघून गेले. पुन्हा आले नाहीत."

शांतीने फोटो हातात घेतला. बराच वेळ बघितला. मग मान वर करून नवऱ्याला विचारलं, "अवो, मुंबईला व्हतात तवाची हाय काय ही?"

मोरूपुढे एकच वाट उरली होती. शाल खांद्यावरून काढून त्याने खुर्चीवर ठेवली.

"पोरी, मी खोटं बोललो. सगल्यांशी बोललो. तो वेटर मी नाय. मी कंदी कॅमेऱ्यासमोर उभासुदिक ऱ्हायलो नाय. शप्पत."

वर्षभर छातीवर बसलेला धोंडा एकदाचा उतरला. आता कुणी हसो, नाहीतर थुंको.

रोहिणीचे डोळे भरून आले. वाकून तिने त्याच्या पायांना हात लावला.

"आई म्हणालीच होती, बाबा, तुम्ही हेच म्हणाल."