वजा बारा

बाजारहत्नूरच्या आठवडी बाजारात हेरंब मास्तरांनी आपलं यंत्र मांडलं. एखादी वस्तू मागच्या काळात ढकलायला गेलं तर ती किती अडून बसते, एवढंच ते मोजायचं. नांगराचा लोखंडी फाळ नव्वदावर अडला, सागाची फळी साठावर, आणि भैंसा गावचा कापूस तर चारावरच ढिला पडला.

भाजीवाली राहीबाई आपली गोधडी घेऊन आली. "मास्तर, हिले बारा वर्सं मागं ढकला. आमचे हे जित्ते होते तवा हिच्यातच निजत. तेवढी ऊब पायजे मले, बाकी काई नाई."

मास्तरांनी आधी गोधडी मोजली. काटा शून्याच्याही खाली उतरला आणि वजा बारावर थांबला. यंत्राला दोन थापट्या मारून पाहिल्या, पण काटा हलेना.

"मावशी, हिला ढकलायची गरजच नाही. ही रोज आपल्या पायानं बारा वर्षं मागं जाऊन येते."



राहीबाई गोधडी चाचपत हळूच म्हणाली, "तरीच. ते गेल्यापासून घरात कोणी बिडी पेत नाई, अन् मी रोज सकाळी हिचं एक नवं जळकं भोक शिवून राह्यली."