आक्कांची वाक्यं

आक्का वाक्य विसरल्या. कॅमेरा चालू होता, सून तोंडाला पदर लावून उभी होती आणि आक्का गॅसच्या सिलिंडरकडे नुसत्या बघत राहिल्या.

शेजारणीच्या वेशातल्या उमाने क्षणभरही वाट पाहिली नाही. "म्हंजे काय वैनी, सिलिंडर बदलून मिळतो, आन सून?"

हे वाक्य कागदावर नव्हतंच. पण आक्कांच्या चेहऱ्यावर एकदम ओळख उमटली. "सून न्हाई मिळत!" त्या कडाडल्या. दिवे धरून उभी असलेली माणसंसुद्धा खो खो हसली. टेक ओके झाला.

साताऱ्याबाहेरच्या त्या कौलारू घरात गेले सहा महिने असंच चाललं होतं. आक्का म्हणजे संयोगिताबाई. मालिकेतली सासू त्याच, आणि लोक मालिका बघायचे तेही त्यांच्यासाठीच. अडुसष्टाव्या वर्षी वाक्यं त्यांच्या हातून निसटू लागली होती. मग उमा त्यांचं वाक्य स्वतःच्या प्रश्नात गुंडाळून पुढे सरकवायची. आक्कांनी फक्त शेवटचा घाव घालायचा. हशा त्यांचा. हे कुणाच्या लक्षात येत नाही, असं उमाला वाटत होतं.

त्या दुपारी जेवणाच्या सुट्टीत दिग्दर्शक उदयसिंह यांनी तिला अंगणातल्या फणसाखाली बोलावलं.

"उमाताई, तुम्ही काय करताय ते मला दिसतंय."

उमाने घाईने सारवासारव केली. "एखाद-दुसरं वाक्य होतं हो. वयच आहे त्यांचं."

"ही मालिका पुढच्या महिन्यात संपतेय. नव्या मालिकेतली घरमालकीण आक्कांसाठी लिहिली होती. ती आता तुम्ही करायची."

उमा सांगलीची. बाविसाव्या वर्षी राज्य नाट्य स्पर्धेत तिला अभिनयाचं बक्षीस मिळालं होतं. तेव्हा सगळ्या गल्लीला वाटलं होतं, ही आता कुठल्या कुठे जाणार. पुढची एकतीस वर्षं ती मोलकरीण झाली, नर्स झाली, खाष्ट आत्या झाली, आणि शेजारीण तर किती वेळा झाली याची गणतीच नाही. सांगलीच्या स्टँडवर बायका तिचा हात धरायच्या. "तुम्ही त्या ह्या ना?" म्हणायच्या. नाव एकीलाही सांगता यायचं नाही. मग ती हसून स्वतःच आपलं नाव सांगायची.

त्यामुळे 'हो' तिच्या अगदी ओठांवर आलं. तिने ते गिळलं.

आक्कांना मूलबाळ नव्हतं. यजमान जाऊन नऊ वर्षं झाली होती. हे रोजचं काम सुटलं तर त्या साताऱ्यातल्या करंजे भागातल्या घरात एकट्या बसून राहतील आणि उरलंसुरलंही विसरून जातील, एवढं उमाला स्वच्छ दिसत होतं.

"नाही," ती म्हणाली. "ते काम त्यांचं आहे. मी आहे ना सेटवर, एकही टेक वाया जाऊ देणार नाही. आणि त्यांना काढणार असाल, तर मलाही धरू नका."

उदयसिंह मेकअपच्या खोलीकडे बोट दाखवून म्हणाले, "एकदा त्यांच्याशी बोला."

खोलीत आक्का आरशासमोर बसल्या होत्या. वळून न बघताच त्यांनी विचारलं, "न्हाई म्हनलीस न्हवं?"

उमा दारातच थबकली.

"तू न्हाई म्हननार, ह्ये मी त्येला आधीच सांगितलं हुतं."

"आक्का, तुम्हाला माहीत होतं?"

"आगं, मीच त्येला तुजं नाव सुचवलंय. डाक्टरनं दिवाळीतच सांगितलं मला. रोगाचं नाव लय अवघड हाय, त्येबी ध्यानात ऱ्हात न्हाई." आक्का हसल्या. उमाला काही हसता आलं नाही. "सा म्हैनं तू माजी वाक्यं हातात आनून देतीयास. मला कळत नसंल व्हय? परत्येक बारीला वाटायचं, ही पोरगी माज्यापरास चांगलं म्हनतीया. आन टाळी मातूर मी घेतीया."

उमा खाली त्यांच्या पायाशी बसली. "मग तुम्ही काय करणार, आक्का? घरी बसणार?"

"घरी कशाला बसू?" आक्कांनी टेबलावरचे नव्या मालिकेचे कागद उचलले. त्यांतले बरेचसे उमाच्या मांडीवर ठेवले आणि एकच पान स्वतःकडे ठेवून घेतलं.

"ही घरमालकीन तुजी. मी शेजारीन मागून घेतलीया," त्या म्हणाल्या. "तिला दोनच वाक्यं हायत. आन त्यातलं एक इसरलं, तर तू हाईसच की."