शिळेच्या शेवटी

"फोन बंदच ठेवा, मामा. या खेपेला मला खरा पक्षी ऐकायचाय," बाई म्हणाल्या.

धाकू झोरेने फोन बंद करून पिशवीत टाकला. रेकॉर्डिंग वाजवून शीळकरी कस्तुराला बोलवायचं, ही घाटातल्या सगळ्याच गाइडांची रीत. बाईंना ते नको होतं. त्यापायी त्या दोनदा नुसतं ओढ्याचं पाणी ऐकून शहरात परतल्या होत्या.

आजही उजाडल्यापासून दोघं ओढ्याकाठी बसलेली. पायांवर जळवा चढत होत्या, पण बाई हलत नव्हत्या. आणि मग पलीकडच्या झाडीतून शीळ आली. लांब, सावकाश, कामात रमलेल्या माणसाने घालावी तशी. बाईंनी डोळे मिटले. मिटल्या डोळ्यांतून पाणी ओघळलं.

शीळ संपता संपता पलीकडे कुणीतरी हलकेच खोकलं. बाईंचं लक्ष नव्हतं. धाकूने मात्र तो लगेच ओळखला.

तो खोकला त्याचाच होता. पाच वर्षांपूर्वी हा पक्षी फोनवर टिपताना त्याला तो आवरला नव्हता, आणि तीच क्लिप त्याने कौतुकाने सगळ्या गाइडांना वाटली होती. पलीकडे कुणीतरी आपल्या पाहुण्यांसाठी ती लावली होती.

शीळ पुन्हा सुरू झाली. धाकूने बाईंच्या चेहऱ्याकडे पाहिलं. क्लिपमधला खोकला कधी येणार, हे त्याला पाठ होतं. नेमका त्याच वेळी तो स्वतःच मोठ्याने खोकला.

बाईंनी डोळे न उघडताच ओठांवर बोट ठेवलं.

"हळू, मामा. उडून जाईल तो."